बिनमताच्या नगरसेविका

बहरीनच्या माहूज भागातल्या त्या सहा मजली इमारतीत अंजनाबाई खंडारे पाहुण्या म्हणून आल्या, तेव्हा त्यांच्या मुलाने, उज्ज्वलने, त्यांना एकच काम सांगितलं होतं: काहीही करायचं नाही. सकाळी गॅलरीत बसून चहा प्यायचा, संध्याकाळी नातीबरोबर फिरायला जायचं, सुट्टीच्या दिवशी मनामाच्या जुन्या बाजारात हिंडून यायचं, बस. अंजनाबाईंनी मान डोलावली. छत्तीस वर्षं नगरसेविका राहिलेल्या बाईला मान डोलवायची सवयच असते. डोलवलेली मान म्हणजे दिलेला शब्द नव्हे, हे त्यांचे मतदार चांगलं ओळखून होते. उज्ज्वलला ते कळायला उशीर लागला, कारण मतदानाचं वय होण्याआधीच तो घर सोडून शिकायला दूर गेला होता.

नगरसेविका म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पांढरी गाडी आणि चौकातला वाढदिवसाचा फ्लेक्स येतो. अंजनाबाईंचा फ्लेक्स कधी लागला नाही. त्या इंग्लंडच्या मध्यभागातल्या, वर्षाचे बारा महिने ढगाळ असणाऱ्या एका गावाच्या नगरसेविका होत्या. तिथे नगरसेवक स्वतःच्या छत्रीखाली पायी फिरतो आणि लोक त्याला दारातच उभं करून कुत्र्यांच्या घाणीबद्दल झापतात. अंजनाबाईंना हे सगळं मनापासून आवडायचं.

मूळच्या त्या मूर्तिजापूरच्या. वडील रेल्वेत गँगमन. पोरगी शिकलीच पाहिजे हा त्यांचा हट्ट होता, आणि वस्तीतल्या बाकीच्यांनी नाकं मुरडली तरी त्यांनी तो शेवटास नेला. नागपुरात नर्सिंग करून अंजनाबाई विलायतेच्या एका इस्पितळात लागल्या. लग्न करून किसनरावही मागोमाग गेले आणि तिथल्या सिटी बसवर ड्रायव्हर झाले. घरात बोलणं वऱ्हाडी, बाहेर इंग्रजी. ते वऱ्हाडीही ज्या साली विमानात बसलं त्या सालीच थांबलेलं. आज मूर्तिजापुरात कोणी बोलत नसेल इतकं अस्सल वऱ्हाडी अंजनाबाई बोलतात.

राजकारणात त्या शिरल्या त्या एका रस्त्यामुळे. शाळेसमोरच्या रस्त्यावर पोरांना ओलांडायला पट्टे नव्हते. अंजनाबाई तिथल्या नगरसेवकाकडे तीनदा गेल्या. त्याने तीनदा गोड हसून चहा पाजला. घरी येऊन त्यांनी तणतण केली, तेव्हा किसनराव जेवता जेवता म्हणाले, "त्याच्या खुर्चीत तूच का नाही बसत?" बायकोची चेष्टा करायची म्हणून ते बोलले, आणि ती त्यांना जन्मभर पुरली.

पहिल्या निवडणुकीत अंजनाबाई सपाटून आपटल्या. दुसऱ्या दिवशी मात्र छातीवर पक्षाची रंगीत फीत तशीच लावून त्या दारोदार आभार मानायला निघाल्या. हरलेली उमेदवार आभार मानते, हे त्या गावाने पहिल्यांदाच पाहिलं. काही म्हाताऱ्यांना तर त्या जिंकल्या असंच वाटलं आणि त्यांनी अभिनंदन करून केक खाऊ घातला. पुढच्या खेपेला त्या खरोखरच निवडून आल्या. उज्ज्वल तेव्हा दुसरीत होता.

मग निवडणुकांमागून निवडणुका आल्या आणि अंजनाबाई निवडून येतच राहिल्या. शाळेपुढे पट्टे आले. बसथांब्याला छप्पर आलं. ग्रंथालय बंद करायचा घाट घातला गेला, तेव्हा अंजनाबाई दारात खुर्ची टाकून बसल्या आणि विणकाम करत राहिल्या. किसनराव आपल्या बसमधून वॉर्डाची खडान्‌खडा बातमी आणायचे. कुठे दिवा गेला, कुठे कचरा उचलला नाही, कोणाची सासू कोणाशी भांडली, सगळं. शेवटची बातमी कामाची नसायची, पण अंजनाबाई ती आधी ऐकायच्या. एक वर्ष त्या महापौरही झाल्या. तिथे हे पद पाळीपाळीने येतं आणि गळ्यात भलीमोठी साखळी घालावी लागते. मान दुखते म्हणून त्यांनी ते एका वर्षावर आटोपलं.

त्यांचं खरं काम शनिवारी चालायचं. ग्रंथालयाच्या कोपऱ्यात एक टेबल, दोन खुर्च्या. सकाळी दहाला त्या बसायच्या आणि जो येईल त्याला तीन प्रश्न विचारायच्या. तक्रार काय, किती दिवसांपासून, आणि मी काय करावं असं तुम्हाला वाटतं. तिसऱ्या प्रश्नाला निम्मे लोक गडबडायचे. पण ऐकणारी बाई मिळाली यावरच खूश होऊन जायचे.

या सगळ्याची किंमत कोणी मोजली असेल तर ती उज्ज्वलने. शनिवारी त्याची फुटबॉलची मॅच असायची आणि आई वॉर्डात असायची. गॅदरिंगमध्ये त्याचं काम संपून पडदा पडायच्या सुमारास ती धापा टाकत पोचायची. त्याच्या वाढदिवसाला केक कापताना फोन वाजायचा आणि कोणाच्या तरी गटारासाठी मेणबत्त्या ताटकळायच्या. उज्ज्वल कधी काही बोलला नाही. बोलणारा मुलगा आईबाप ओळखू शकतात. न बोलणारा मोठा होऊन इंजिनियर होतो आणि बहरीनला निघून जातो. तिथे त्याने नागपूरच्या श्रद्धाशी लग्न केलं, मैत्री नावाची मुलगी झाली आणि माहूजमध्ये तिसऱ्या मजल्यावर संसार मांडला.

किसनराव गेले तेव्हा उज्ज्वलने आईला म्हटलं, आता माझ्याकडे ये. अंजनाबाई म्हणाल्या, ही टर्म संपू दे. टर्म संपली आणि त्या पुन्हा उभ्या राहिल्या. उज्ज्वलने पुन्हा विचारलं. उत्तर तेच. शेवटी गेल्या मे महिन्यात अंजनाबाई हरल्या. तेही थोडक्यात, आणि ज्याच्या दंडाला त्यांनीच लहानपणी लस टोचली होती अशा एका पोराकडून. उज्ज्वलला आईसाठी वाईट वाटलं, हे खरं. पण त्याच संध्याकाळी त्याने तिकीट काढलं, हेही खरं. विमानतळावरून घरी येताना गाडीतच त्याने विषय काढला. कायमची राहा, कागदपत्रांचं मी बघतो. अंजनाबाई खिडकीबाहेरचे उंच दिवे बघत म्हणाल्या, "बघू." या वेळी तरी या 'बघू'चं 'हो' होईल, एवढ्या एका आशेवर उज्ज्वल होता.

आता गॅलरी. आठवडाभर अंजनाबाईंनी इमानेइतबारे चहा प्यायला आणि काही केलं नाही. मग एका सकाळी त्यांच्या नाकासमोरून दोरीला बांधलेली एक टोपली खाली गेली. थोड्या वेळाने तीच टोपली दूध, पाव आणि कोथिंबिरीची जुडी घेऊन वर गेली. अंजनाबाईंनी कप ठेवला, कठड्यावरून मान बाहेर काढली आणि वर पाहिलं. पाचव्या मजल्यावरून एक पांढऱ्या केसांची बाई दोरी ओढत होती.

त्या होत्या आबिदाआपा, हैदराबादच्या. मुलगा मनामाच्या हूरा भागातल्या एका हॉटेलात अकाउंटंट, सून नोकरीला. इमारतीची लिफ्ट बंद पडली होती आणि आबिदाआपांच्या गुडघ्यांनी जिन्याला केव्हाच नकार दिला होता. लिफ्ट बंद पडल्यापासून त्या एकदाही खाली उतरल्या नव्हत्या. कोपऱ्यावरचा कोल्ड स्टोअरवाला, म्हणजे तिथला किराणावाला, टोपलीत सामान भरायचा. अंजनाबाई दोन मजले चढून त्यांच्याकडे गेल्या, खुर्चीत टेकल्या आणि पहिलाच प्रश्न त्यांच्या तोंडून निघाला, "किती दिवसांपासून?"

तिथेच उज्ज्वलचा बेत बोंबलला.

अंजनाबाईंनी इंग्लंडात जे छत्तीस वर्षं केलं तेच इथे केलं. अर्ज लिहिला, खाली सह्यांसाठी रेघा आखल्या, मैत्रीची परीक्षेची पुठ्ठ्याची पाटी घेतली आणि शुक्रवारी दुपारी, तिथल्या सुट्टीच्या दिवशी लोक हमखास घरी असतात म्हणून, दारोदार निघाल्या. अंगावर कडक इस्त्रीची साडी, डोळ्यांवर चष्मा, हातात पाटी आणि तोंडी इंग्रजी. दुसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांत सात पोरं राहत होती. त्यांना वाटलं तपासणी आली. चार जण स्वयंपाकघरात लपले, दोघे बाथरूममध्ये, आणि सातव्याने दार उघडून इथे आपण एकटेच राहतो असं शपथेवर सांगितलं. त्याच्यामागे सात ताटं वाढलेली होती. अंजनाबाईंनी ती पाहिली आणि काही न बोलता जेवून घ्या म्हणाल्या.

बाकीच्या घरांत त्यांचा जोरदार पाहुणचार झाला. चहा मिळाला, बिर्याणी मिळाली, एका घरात फालुदा मिळाला. लिफ्टला सगळ्यांनी मिळून शिव्या घातल्या. मात्र सही म्हटलं की प्रत्येकाला काहीतरी आठवायचं. कोणाचे साहेब बाहेरगावी, कोणाचा चष्मा हरवलेला, कोणाला आधी कंपनीत विचारायचं होतं. व्हिसावर राहणारा माणूस कागदावर नाव लिहिताना दहा वेळा विचार करतो, हे अंजनाबाईंना कोणी शिकवलं नव्हतं. त्या सगळी इमारत फिरून आल्या तेव्हा पोट गच्च भरलं होतं आणि अर्जावर सही एकच होती, त्यांची स्वतःची. ती तर पाहुण्या बाईची.

संध्याकाळी इमारतीची व्यवस्था बघणाऱ्या इमादचा उज्ज्वलला फोन आला. इमाद अदबीने बोलला, पण मतलब स्पष्ट होता. तुमच्या आई इमारतीत युनियन काढतायत का? फोन ठेवून उज्ज्वल आईपुढे उभा राहिला आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्याचा आवाज चढला.

"आई, हा तुझा वॉर्ड नाहीये. हे माझं घर आहे. इथं तरी फक्त घरी राहा ना."

श्रद्धाने मध्ये पडून जेवायला वाढलं, पण जेवणात कोणाचं लक्ष नव्हतं. अंजनाबाईंना अपमान नाही वाटला, वाईट वाटलं. आपण पोराला अडचणीत आणलं, तेही परक्या मुलखात, हे त्यांना फार लागलं.

दुसऱ्या दिवशी त्या आबिदाआपांकडे गेल्या, हार पत्करायला. आबिदाआपा हसल्या. कागज कशाला काढलात, म्हणाल्या. इथे मालकिणीकडे जाऊन बसावं लागतं. इमारत हमीदाबाईंची. त्यांचं घर दोन गल्ल्या सोडून. दर सोमवारी दुपारच्या नमाजानंतर त्यांच्याकडे बायकांची बैठक असते, कोणीही यावं, बसावं, बोलावं. आबिदाआपा स्वतः पूर्वी जायच्या. आता जायला लिफ्ट नव्हती, आणि लिफ्टचं सांगायला जाता येत नव्हतं.

अंजनाबाई कान टवकारून ऐकत होत्या. ठरलेला दिवस, ठरलेली वेळ, कोणीही यावं. म्हणजे ही तर आपलीच शनिवारची बैठक, फक्त सोमवारी भरते. त्यांनी श्रद्धाला बरोबर घेतलं आणि या वेळी उज्ज्वलला विचारलं. "फक्त बसून येते. कागद नेत नाही," म्हणाल्या. उज्ज्वलने हात जोडले. त्याचा अर्थ त्यांनी हो असा घेतला.

हमीदाबाई भरदार अंगाच्या, सत्तरीच्या, मोठ्या गादीवर रेलून बसलेल्या. सासरचा कपड्याचा व्यापार मुंबईशी होता, त्यामुळे त्यांचं हिंदी अंजनाबाईंच्या हिंदीपेक्षा सरस निघालं. आल्याबरोबर खजूर आले आणि छोट्या वाटीत वेलचीचा कडू कहवा आला. मतदाराच्या घरचं काही टाकायचं नाही, हा अंजनाबाईंचा जुना नेम. त्यांनी वाटी संपवली. ती लगेच भरली. त्यांनी पुन्हा संपवली, पुन्हा भरली. पाचव्या-सहाव्या वाटीला अंजनाबाईंच्या छातीत घोडे धावायला लागले, तरी त्या हसत हसत पीत राहिल्या. शेवटी हमीदाबाईंनाच दया आली. नको असेल तर वाटी अशी हलवायची असते, असं त्यांनी मनगट हलवून दाखवलं, आणि सगळी बैठक खो खो हसली. अंजनाबाईही हसल्या. हशा झाला की माणूस ऐकतो, हे त्यांना इंग्लंडातही कळलेलं होतं. त्यांनी लगेच लिफ्टचं सांगितलं.

हमीदाबाईंना लिफ्टचं ठाऊक होतं. पार्ट परदेशातून यायचाय, इमाद रोज इंशाल्ला म्हणतो, असं त्या सैलपणे बोलल्या. अंजनाबाईंनी लिफ्टचा विषय सोडला आणि आबिदाआपांच्या टोपलीचं सांगितलं. दोरी कशी येते, कशी जाते, कोथिंबीर कशी वाऱ्याने उडते. हमीदाबाई सरळ बसल्या. आबिदा येत नाही म्हणून त्या तिच्यावर रुसल्या होत्या म्हणे. तिला बोलावणं पाठवायचं नाही, असं त्यांनी मनाशी ठरवून टाकलेलं.

दुसऱ्याच दिवशी हमीदाबाई गाडीतून इमारतीत आल्या. जिन्याची पहिली पायरी चढल्या, दुसरी चढल्या, आणि तिथेच कठडा धरून उभ्या राहिल्या. त्यांचेही गुडघे आबिदाआपांच्याच वयाचे होते. मग जिन्याच्या पोकळीतून वर तोंड करून त्यांनी हाक मारली. पाचव्या मजल्यावरून उत्तर आलं. दोन म्हाताऱ्या तळातून वर आणि वरून तळाला ओरडून एकमेकींची खुशाली विचारत राहिल्या, रुसवे काढत राहिल्या, आणि सगळी इमारत दारं उघडून ऐकत राहिली. इमाद मध्ये उभा राहून घाम पुसत होता. हमीदाबाई त्याच्याकडे वळून फक्त एवढंच म्हणाल्या, "इंशाल्ला खलास. यल्ला." म्हणजे इंशाल्ला पुरे, आता हला. परदेशातून येणारा पार्ट त्याच आठवड्यात आला.

लिफ्ट सुरू झाली, आबिदाआपा खाली आल्या, आणि हमीदाबाईंनी इमारतीच्या तळमजल्यावर एक टेबल नि चार प्लॅस्टिकच्या खुर्च्या पाठवून दिल्या. निरोप असा की शनिवारी तुम्ही इथे बसा, सोमवारी मला येऊन सांगा. छत्तीस वर्षांत पहिल्यांदाच अंजनाबाईंना एकही मत न मागता पद मिळालं. उज्ज्वलने कपाळावर हात मारला, पण इमाद आता त्याला लांबूनच सलाम करायला लागला होता, त्यामुळे फारसं बोलायला जागा नव्हती.

शनिवार भरू लागले. कोणाच्या नळाला पाणी कमी यायचं, कोणाच्या गाडीपुढे दुसऱ्याची गाडी उभी असायची. दुसऱ्या मजल्यावरची पोरं पाळीपाळीने यायची, दर वेळी वेगळं पोरगं, आणि प्रत्येक जण आपण एकटेच राहतो म्हणायचा. अंजनाबाईंच्या चेहऱ्यावर तेज आलं. घरात उज्ज्वलही हसायला लागला. राहते बहुतेक ही, असं तो एकदा श्रद्धाला स्वयंपाकघरात म्हणालाही.

आणि मग इंग्लंडहून फोन आला. तो लस टोचलेला पोरगा मोठी नोकरी धरून लंडनला चालला होता. वॉर्डाची जागा रिकामी. पोटनिवडणूक लागणार, लोक नाव घेतायत, अंजनाबाई उभ्या राहणार का? जेवणाच्या टेबलावर सगळ्यांसमोर अंजनाबाई हो म्हणाल्या. विचार करून नव्हे. कोणी हाक मारली की ओ द्यावी, तसं तोंडातून निघून गेलं. पुढच्या बुधवारी परतायचं ठरलं. मैत्रीने "बट व्हाय?" विचारलं. उज्ज्वल उठला आणि त्याने ताट धुऊन टाकलं.

त्या शनिवारी तळमजल्यावर बरीच गर्दी होती. बातमी फुटली होती आणि जायच्या आत आपलं काम होऊ दे म्हणून लोक आले होते. अंजनाबाई एकेकाला समोर बसवत होत्या. चष्मा नाकावर, मान खाली. एक उठला, दुसरा बसला, तो उठला. खुर्ची सरकली, पुढचा माणूस बसला. सवयीने मान वर न करताच त्यांनी विचारलं, "फ्लॅट कोणता?"

"तीनशे एक."

अंजनाबाईंनी वर पाहिलं. समोर उज्ज्वल बसला होता. शर्ट इस्त्रीचा, केस विंचरलेले, हात मांडीवर, शाळेत मुलं बसतात तसा.

त्या हसणार होत्या, पण त्याचा चेहरा पाहून थांबल्या. मागे लोक उभे होते. त्यांनी पेन उचललं आणि गंभीरपणे विचारलं, "तक्रार काय आहे?"

"आई घरी नसते."

"किती दिवसांपासून?"

"मी सात वर्षांचा असल्यापासून."

अंजनाबाईंच्या हातातलं पेन तसंच राहिलं. इतकी वर्षं इतक्या लोकांचं ऐकलं, आणि हा एक जण इतका वेळ रांगेत उभा होता, हे त्यांना कधी दिसलंच नव्हतं. तिसरा प्रश्न विचारायचा होता. मी काय करावं असं वाटतं. डोळे भरून आले आणि ते लपवायचं त्यांनी काही केलं नाही.

"व माय," त्या एवढंच म्हणाल्या. मग चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि उठून उभ्या राहिल्या. रांगेत अजून पुष्कळ लोक थांबले होते. सगळ्यांत पुढे चौथ्या मजल्यावरच्या मसूदा होत्या, हातात वीजबिल घेऊन. रांग संपायच्या आत अंजनाबाई उठल्या, असं याआधी कधीच झालं नव्हतं.

"मसूदाजी, आज माफ करो," त्या आपल्या मोडक्या हिंदीत म्हणाल्या. "लडके के साथ घर जाना है."

मसूदांनी काळजीने विचारलं, मग माझ्या बिलाचं कोण बघणार? बुधवारी तर तुम्ही निघालात ना?

अंजनाबाईंनी उज्ज्वलचा हात धरला.

"अगले शनिवार लेके आओ," त्या म्हणाल्या. "मैं इधरही हूँ."